हॅरीचा धाकटा भाऊ

आज म्युनिकमध्ये दिवसभर पाऊस. खालच्या मजल्यावरच्या आजींनी कॉफीला बोलावलं आणि 'डेर कोमिसार' या जर्मन पोलिसी मालिकेचा जुना भाग लावला. १९६९ ते १९७६, एकूण ९७ भाग, सगळे कृष्णधवल!

"हा एल्मार वेप्पर," आजी म्हणाल्या. याचा थोरला भाऊ फ्रिट्झ या मालिकेत हॅरी क्लाइन होता. १९७४ला तो 'डेरिक' या दुसऱ्या पोलिसी मालिकेत गेला, तर त्याच्या जागी धाकट्यालाच आणलं, तेही हॅरीचा भाऊ एर्विन म्हणून. (आपल्याकडे लगेच वशिला म्हणाले असते.)

'डेरिक'मुळे फ्रिट्झ देशोदेशी पोचला. एल्मारला बाहेर फारसं कोणी ओळखत नाही. पण जर्मन डबिंगमध्ये मेल गिब्सन बोलायचा तो बहुतेकदा याच्याच आवाजात.

मग २००८ साली, साठी उलटल्यावर, 'किर्शब्ल्यूटन – हानामी'. बायको गेल्यावर तिला बघायचं राहून गेलेलं जपान बघायला निघालेला म्हातारा. तिचा स्वेटर कोटाच्या आत घालून तोक्योभर फिरतो. मी हा सिनेमा पाहिलाय, रडलोय, आणि नटाचं नाव मात्र आज कळलं.

एल्मार ऑक्टोबर २०२३मध्ये गेला, फ्रिट्झ पाच महिन्यांनी. आजींनी एवढं सांगितलं आणि टीव्हीचा आवाज वाढवला.

"केक संपव आधी. खुनी कोण ते मला माहितीये."