शंख कुणी चोरला नाही

विल्यम गोल्डिंग यांची १९५४ सालची 'लॉर्ड ऑफ द फ्लाइज' मी पदवीच्या वर्गाला शिकवते. निर्जन बेटावर अडकलेली इंग्लिश शाळकरी मुलं हळूहळू रानटी होत जातात. राल्फ त्यांनी निवडलेला म्होरक्या, जॅक त्याच्याविरुद्ध उभ्या राहिलेल्या टोळीचा. सभेत बोलणाऱ्यानं हातात धरायचा शंख म्हणजे नियम, पिगी नावाच्या मुलाचा आग पेटवणारा चष्मा म्हणजे बुद्धी, आग म्हणजे सुटकेची आशा. मुलं एवढं वहीत उतरवून घेतात.

त्या दिवशी मागच्या बाकावरचा एकजण उठला. "मॅडम, पिगीला लांबचं दिसत नाही ना? मग त्याच्या चष्म्यानं आग पेटणारच नाही." स्वतःचा मायनस नंबरचा चष्मा घेऊन तो थेट व्हरांड्यात, अख्खा वर्ग त्याच्यामागे. कागदावर काचेची करडी सावली पडली, भोवती उजेडाची फिकट कड. मग मी माझा वाचायचा चष्मा दिला. हातभर वर धरल्यावर लख्ख ठिपका जमला, बोटाला चटका बसेल असा. मायनस नंबरचं अंतर्गोल भिंग किरण पसरवतं, एकवटत नाही. गोल्डिंग स्वतः शाळामास्तर, तरी हे राहून गेलं.

"म्हणजे प्रतीकच खोटं!" गलका झाला. तेवढ्यात एरवी तोंड न उघडणारी एक मुलगी म्हणाली, "पण जॅकची टोळी रात्री येऊन चष्मा नेते, शंख तिथेच ठेवते. त्यांना तो नकोच असतो."

मी दहावं प्रकरण उघडलं. पिगीला वाटतं, ते शंखासाठीच आले. राल्फ धावत जाऊन बघतो, तर शंख जागच्या जागी चमकतोय. शिकवताना भर नेहमी अकराव्या प्रकरणावर असतो: जॅकच्या टोळीतला रॉजर शिळा ढकलतो, पिगी कड्यावरून कोसळतो, शंखाच्या ठिकऱ्या उडतात. मला मात्र आता ही चोरीची रात्र जास्त भयंकर वाटते. चष्म्यानं, कादंबरीपुरती का होईना, आग पेटते, मांस भाजता येतं. शंखात स्वतःचं बळ काहीच नाही. बाकीचे गप्प बसायला तयार असतील तरच तो हातात धरणाऱ्याला बोलता येतं. तो पळवून करायचं काय?

"मग शेवटी चष्मा कुणाकडे?" कुणीतरी विचारलं. त्याच मुलीनं शेवटच्या पानांत शोधून काढलं. नौदलाचा अधिकारी म्होरक्या कोण म्हणून विचारतो, तेव्हा जॅक पुढे सरसावतो आणि थांबतो. त्याच्या कमरेला चष्म्याचे अवशेष लटकलेले. आणि जहाज आलंय ते राल्फला मारण्यासाठी लावलेल्या वणव्याचा धूर बघून.

"मग ही आग कशाचं प्रतीक?" यावर जे भांडण जुंपलं, ते पुढच्या तासाच्या सरांनी दार वाजवेपर्यंत मिटलं नाही.