संडासाच्या टाकीला घाम सुटतो तेव्हा

मे महिन्यात माहेरी आले आहे. चोपडा तालुक्यातलं आमचं गाव, पारा 45 ला टेकलेला, आणि ओट्यावर माठाखाली पसरलेली ओल. इथे त्या ओलीकडे कोणी पाहतही नाही. खाली शहाबादी फरशी आहे, पाणी सांडलं तर तेवढाच गारवा. मिशिगनमधल्या आमच्या घरात मात्र एवढ्याच ओलीनं गेल्या वर्षी माझी झोप उडवली होती.

तिथली घरं लाकडाची. बाथरूमच्या जमिनीवर विनाइलची शीट आणि तिच्याखाली प्लायवूड. जुलैतल्या एका सकाळी संडासाजवळ पाय टेकला आणि अंगठ्याखाली जमीन दबली. शीटची कड काळी पडली होती, ती उचलली तर ओल्या भुशाचा वास आला. वर टाकीच्या बुडाला थेंब ओळीनं लटकलेले.

व्हिडिओ कॉलवर मायनं ते पाहिलं आणि विचारलं, "कथाईन उनं व हे पानी?" (कुठून आलं गं हे पाणी?) खरा प्रश्न तोच होता. टाकी गळते आहे की आणखी काही? जिलेबीत घालतात तो केशरी रंग चिमूटभर टाकीत टाकला आणि अर्धा दिवस फ्लश केलं नाही. भांड्यात रंग उतरला नाही, आणि बाहेरचे थेंब पांढऱ्या कागदानं टिपले तर तेही स्वच्छ. म्हणजे पाणी आतलं नव्हतंच.

आपला माठ पाझरतो. त्याचं पाणी आतून येतं आणि हवेत उडून जाताना माठाला गार करतं. आमच्या टाकीवरचं पाणी हवेतून येत होतं. घर बोअरच्या पाण्यावर चालतं. दही लावायला मी थर्मामीटर ठेवते, तो टाकीत बुडवला तर 11 अंश. बाथरूममध्ये 26 अंश आणि आर्द्रता 70 टक्के. अशा हवेत 20 अंशांपेक्षा गार असलेल्या कुठल्याही वस्तूवर दव धरतं, मग 11 अंशांच्या चिनी मातीचं काय होणार! त्यातून आमची टाकी जुनी, एका फ्लशला 13 लिटर पाणी घेणारी. 1994 पासून अमेरिकेत नव्या संडासांना सहा लिटरची मर्यादा आहे, पण आमचं घर त्याच्या आधीचं.

टाकीच्या आतून फोमचे पत्रे चिकटवून पाहिले, पंखा चालू ठेवून पाहिला. थेंब कमी झाले, पण थांबले नाहीत. मग कळलं की यासाठी एक खास पितळी व्हॉल्व्ह मिळतो. एका बाजूनं गार पाणी, दुसऱ्या बाजूनं थोडं गरम, आणि तिसऱ्या तोंडातून कोमट पाणी टाकीकडे. प्लंबरनं सांगितलेली मजुरी व्हॉल्व्हच्या किमतीच्या कितीतरी पट होती. तिथल्या गावच्या कार्यालयात परवानगीचं विचारलं आणि काम स्वतःच करायचं ठरवलं.

बाथरूमच्या खाली तळघर आहे आणि तिथे सगळे पाइप उघडे दिसतात. फोन शिडीला बांधला, पलीकडे नाना. त्यांची हयात केळीच्या बागेत आणि मोटरी-पाइपांत गेली. त्यांनी व्हॉल्व्ह निरखून पाहिला आणि पहिलाच प्रश्न केला, "एनआरव्ही कुठंय? गरम पाणी उलटं गारच्या लाइनीत शिरलं तर?" मी माहितीपत्रक पुन्हा वाचलं. एनआरव्ही म्हणजे पाणी एकाच दिशेनं जाऊ देणारा व्हॉल्व्ह. आमच्या पितळी व्हॉल्व्हमध्ये तो नव्हता, वेगळा लावायचा होता. दोन आणले, गारला एक, गरमला एक. दुसरा बसवताना नाना ओरडले, "बाण पाहा, बाण!" पाण्याची दिशा दाखवणारा त्यावरचा बाण उलटा होता.

गार पाण्याची जोडणी फक्त संडासाच्या फाट्यावर करायची, हे महत्त्वाचं. ती त्या फाट्याच्या आधीच्या पाइपावर केली तर बेसिनच्या गार नळालाही कोमट पाणी येईल. मुख्य कॉक बंद केला, पाइप रिकामा केला, कापला, कड घासून गुळगुळीत केली. बेसिनच्या गरम पाइपाला टी जोडून एक फाटा घेतला. आट्यांवर टेफ्लॉन टेप गुंडाळली. कॉक उघडल्यावर प्रत्येक जोडावर कोरडा कागद फिरवला. एका ठिकाणी तो भिजला, तिथे पान्यानं पाव फेरा दिला आणि गळणं थांबलं.

गरम पाणी कमी-जास्त करणारा व्हॉल्व्हवरचा स्क्रू जुळवायला मात्र चार दिवस गेले. गिझर 49 अंशांवर आहे, म्हणून टाकीत 22 अंश हवे तर हिशेबानं एका फ्लशला जवळपास चार लिटर गरम पाणी लागतं. पण गरमच्या पाइपात साचलेलं पाणी आधी येतं आणि ते निवलेलं असतं, त्यामुळे स्क्रू हिशेबापेक्षा थोडा जास्त उघडावा लागला. पाचव्या दिवशी टाकीवर हात फिरवला तो कोरडा. ऑक्टोबरात हवा कोरडी पडली तशी गरमची बाजू बंद केली, गॅस उगाच कशाला जाळायचा? कुजलेला प्लायवूड दिवाळीच्या सुटीत बदलला.

या खेपेला तो थर्मामीटर मुद्दाम सोबत आणला. काल शेतात बोअर सुरू केला, पाच मिनिटं पाणी वाहू दिलं आणि मोजलं. 28 अंश. जमिनीखालचं पाणी साधारण त्या भागाच्या वर्षभराच्या सरासरी तापमानाच्या जवळ असतं, म्हणून खानदेशात संडासाच्या टाकीला घाम सुटलेला मी कधी पाहिला नव्हता. नानांनी थर्मामीटर धोतराच्या सोग्यानं पुसला, खिशात ठेवला आणि म्हणाले, "उद्या विहिरीचं पाहू."