परग्रहावर बी उगवेल, पण रोप वाढेल का?

मी वनस्पतिशास्त्र शिकवतो हे कळले की दुसऱ्या ग्रहावर झाडे उगवतील का, हा प्रश्न हमखास येतो. तुम्हीही विचारलेत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

उगवणे आणि वाढणे यांत आधी फरक करायला हवा, कारण बी आपली शिदोरी बरोबर घेऊनच येते. त्या साठ्यावर अंकुर काही दिवस काढतो आणि तेवढ्या काळात पाणी, ऊब व हवा मिळाली, तर खाली माती कुठली आहे याने त्याचे फारसे अडत नाही. जानेवारी २०१९ मध्ये चांगई-४ या चिनी यानातील सरकीला चंद्राच्या पलीकडच्या बाजूला अंकुर फुटला, तेव्हा पुष्कळांना चंद्रावरची शेतीच दिसू लागली. प्रत्यक्षात ती सरकी बंद डब्यात, पृथ्वीवरून नेलेल्या मातीत होती आणि चांद्ररात्र सुरू होताच अंकुर गारठून मेला.

मातीची खरी परीक्षा २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या फ्लोरिडा विद्यापीठाच्या प्रयोगात झाली. अपोलो ११, १२ आणि १७ या मोहिमांनी आणलेल्या चांद्रधुळीत, रोपामागे जेमतेम एक ग्रॅम धूळ घेऊन, मोहरीच्या कुळातील अरॅबिडॉप्सिसचे बी पेरले गेले. उगवण उत्तम झाली. साधारण सहाव्या दिवसानंतर मात्र, पोषकद्रव्ये पाण्यातून दिली जात असूनही, मुळे खुरटली, वाढ मंदावली, काही पानांवर तांबूस झाक आली, आणि क्षार वा धातूंचा त्रास झाल्यावर जी जनुके जागी होतात तीच येथेही जागी झालेली आढळली.

मंगळाबद्दल एक गैरसमज फार पसरलेला आहे. तेथील हवेत ९५ टक्के कार्बन डायऑक्साइड आहे, म्हणजे झाडांची चंगळच, असे म्हटले जाते. पण झाडे श्वासही घेतात, मुळांना ऑक्सिजन लागतो आणि तो तेथे अर्धा टक्कासुद्धा नाही. शिवाय हवेचा दाब पृथ्वीच्या एका टक्क्याहून कमी असल्याने उघड्यावर पाणी द्रवरूपात टिकतच नाही. फिनिक्स यानाला २००८ मध्ये तेथील मातीत परक्लोरेट हे विषारी क्षार सापडले, ते धुऊन काढावे लागतील. सूर्यप्रकाश आपल्या निम्म्याहून कमी असला तरी ती अडचण त्यामानाने किरकोळ आहे, सावलीत वाढणाऱ्या वनस्पती थोड्याथोडक्या नाहीत.

तेव्हा माझे उत्तर असे, की काचेआड हवा, दाब, ऊब आणि धुतलेली माती पुरवली तर झाडे वाढू शकतील, उघड्यावर नाही. पृथ्वीभोवती फिरणाऱ्या सॅल्युत-७ स्थानकात १९८२ मध्ये याच अरॅबिडॉप्सिसला फुले येऊन बी धरले होते. चंद्रावर किंवा मंगळावर अजून एकाही रोपाने बी धरलेले नाही.