हूम

८ जून, रात्री

पहाटे चारला सोलापूर सोडलं. बार्शी रोडने नान्नज वीसेक किलोमीटर, पण उजाडायच्या आत लपणात शिरावं लागतं. माणूस एकदा नजरेला पडला की काळवीटं दिवसभर अंतर राखून असतात. काम काय ते नऊपर्यंतच. मग माळ तापतो, झळा उठतात आणि लांब लेन्समधून त्यांचे पाय पाण्यात विरघळल्यासारखे दिसतात. ते फुटेज टाकूनच द्यावं लागतं.

आज धाविक पक्ष्याचं पिल्लू मिळालं. वरून घार गेली आणि ते होतं तिथेच दबून खड्यांतला खडा झालं. फोकसमध्ये होतं म्हणून, नाहीतर मलाही सापडलं नसतं. अकरा मिनिटं हललं नाही. एक मुंगळा त्याच्या चोचीवरून चालत गेला, तेव्हा फक्त डोळा मिटला. आणि अशा जमिनीला कागदोपत्री 'पडीक' म्हणतात! मला हा शब्द सहन होत नाही.

पाच वर्षं येतोय ते माळढोकासाठी. १९७९ साली अभयारण्य झालं ते ८,४९६ चौरस किलोमीटरचं, पुढे १,२२२ वर आलं. ज्वारी-करडईच्या जागी ऊस, द्राक्षं आली. शेतकऱ्याला बोल लावणार नाही, पाणी आल्यावर ज्वारीवर कोण थांबेल? पण विजेच्या तारा जीव घेतात. या पक्ष्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना, समोरचं कमी दिसतं, आणि एवढं जड अंग ऐनवेळी वळवता येत नाही. मादी घालते बहुधा एकच अंडं. माझ्या कॅमेऱ्यात एकदाही आलेला नाही.

परतताना पाझर तलावापाशी मेंढरं घेऊन बसलेले अण्णा भेटले. मिरगाचं वारं सुटलं होतं. म्हणाले, "ह्याच दिवसांत नर घुमायचा बग. गळ्याची पिशवी पार गुडघ्यापातूर लोंबायची. आमी हूमच म्हणायचो त्येला." मी माईकवर वाऱ्याची केसाळ टोपी चढवली आणि विचारलं, काढून दाखवाल?

त्यांनी तंबाखू थुंकली, पागोटं काढून मांडीवर ठेवलं, दोन्ही तळहात तोंडाशी धरले. हूऽऽम. कुत्र्याने कान टवकारले. माझ्या अंगावर काटा आला. मला तेवढ्यानेच भरून पावलं होतं, पण त्यांनी हेडफोन मागून घेतला, डोळे मिटून ऐकलं आणि मान हलवली. "न्हाई रं पोरा. लई वर गेलं. पोटातनं येतंय त्ये."

पुन्हा काढला. पुन्हा ऐकला. मध्येच एक कोकरू ओरडलं, त्याला दामटलं. सातव्या वेळी बराच वेळ गप्प बसले, मग हेडफोन उतरवून माझ्या हातात दिला.

"हां. असं."

सातही आवाज जपून ठेवलेत.