मेलोड्रामाची उपेक्षा

‘मेलोड्रामा’ हा शब्द आज केवळ भडक अभिनयाला नावे ठेवण्यासाठी वापरला जातो, याचे मला मनापासून वाईट वाटते. ग्रीक ‘मेलोस’ म्हणजे गान, आणि या नाट्यप्रकाराचा प्राण खरोखरच संगीतात होता. पॅरिसमध्ये १८०० साली फ्रेंच नाटककार पिक्सेरेकूरचे ‘सेलिना’ हे नाटक गाजले आणि दोनच वर्षांत थॉमस हॉलक्रॉफ्टने ते इंग्रजीत आणले. लंडनमध्ये गंभीर संवादप्रधान नाटकाचा अधिकार १८४३ पर्यंत मोजक्या परवानाधारक नाट्यगृहांपुरताच असल्यामुळे इतर रंगमंचांनी संगीत, मूकाभिनय आणि नेत्रदीपक देखावे यांचा आधार घेतला, आणि त्या सक्तीतूनच शब्दांवाचून भावना पोहोचवणारी एक समर्थ भाषा घडत गेली.

मूकपटाला नेमकी हीच भाषा हवी होती. अमेरिकन नाटककार ऑगस्टिन डेलीच्या १८६७ मधील ‘अंडर द गॅसलाइट’ या नाटकामध्ये रुळांना बांधलेल्या माणसाला आगगाडी येण्यापूर्वी नायिका सोडवते (होय, सोडवणारी स्त्रीच आहे!). अशा अखेरच्या क्षणीच्या सुटकेला मूकपटांचा अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथने समांतर संकलनाची, म्हणजे एकाच वेळी घडणारे दोन प्रसंग आलटूनपालटून दाखवण्याची, जोड दिली; त्याच्या १९२० मधील ‘वे डाउन ईस्ट’ या चित्रपटाला आधार होता तो एका जुन्या रंगमंचीय मेलोड्रामाचाच.

नॉर्वेजियन नाटककार इब्सेनवरचे मेलोड्रामाचे ऋण मला अधिक सूक्ष्म वाटते. त्याच्या ‘अ डॉल्स हाउस’ या नाटकातील खोटी सही, धमकावणारा सावकार आणि टपालपेटीत पडलेले पत्र ही सारी सामग्री मेलोड्रामाची आहे, मात्र नायिका नोराला जो चमत्कार हवा असतो (पतीने सारा दोष स्वतःवर घ्यावा), तो घडत नाही.