परसातला कोंबडा निवडताना

होळीच्या सुमारास आम्ही वनराज जातीची एक दिवसाची पिल्लं आणली. कुडाळजवळच्या आमच्या घरी तीन गावठी कोंबड्या होत्याच. एवढ्या लहान पिल्लांत नर कोण, मादी कोण हे बघून कळत नाही, आणि निवडूनही मिळत नाहीत. दीड-दोन महिन्यांत काहींचे तुरे लाल झाले, पाय जाड दिसू लागले. पुढे कमरेवर लांब, टोकदार, चकचकीत पिसं आली तेव्हा शंकाच उरली नाही. चौदांत सहा नर निघाले. जुन्या-नव्या मिळून माद्या अकरा.

चौथा महिना फार कठीण गेला. नर सकाळी खुराड्यातून सुटले की एकमेकांवर धावायचे, आणि एकेका तलंगेमागे, म्हणजे अजून अंड्यावर न आलेल्या तरण्या मादीमागे, तीन-तीन लागायचे. दोन तलंगांच्या पाठीवरची पिसं उपटून कातडी दिसायला लागली. त्या बिचाऱ्या खुराड्याबाहेर पडेनात, दाणेही नीट खाईनात. अशा भारी जातीत आठ ते दहा माद्यांमागे एक नर पुरतो, उबवणीची अंडी घ्यायची असली तरी. नुसती खायला अंडी हवी असतील तर नर नसला तरी चालतो, कोंबडी त्याच्याशिवायही अंडी देतेच. मग आम्ही ठेवलाच कशाला? आम्हाला घरची पिल्लं हवी होती, आणि मोकळ्या फिरणाऱ्या कळपाला राखणदार हवा होता. आमच्याकडे मुंगूस आणि घार, दोन्हींचा उपद्रव आहे.

सगळे नर मांगराच्या बाजूला जाळी मारून वेगळे केले आणि रोज एकालाच माद्यांत सोडलं. ही पद्धत मी कोणालाही सुचवेन, कारण नर एकटा असला की त्याचा स्वभाव लगेच दिसतो. सगळ्यात मोठा, देखणा होता तो कणी टाकली की स्वतःच अधाशासारखा खायचा आणि माद्यांना टोचून हाकलायचा. दुसरा माझ्या लेकीच्या पायांवर धावून गेला. तो कितीही चांगला असता तरी लहान मुलांच्या घरात ठेवला नसता, कारण वय वाढेल तशी त्याच्या पायावरची आर, म्हणजे मागचा टोकदार काटाही वाढतो. तिसरा मध्यम चणीचा, तांबूस. त्याला वाळवी सापडली की तो चोचीत उचलायचा, परत खाली टाकायचा आणि कुक्‌कुक्‌ करून माद्यांना बोलवायचा. सासूबाई पडवीतून बघत होत्या. म्हणाल्या, "अगो बग, आपण खायना, आधी तेंका बोलयता. ह्योच ठेव."

त्याचा आवाजही मी लक्ष देऊन ऐकला. वर घार दिसली की तो बारीक, लांबट आवाज काढतो आणि माद्या झाडाखाली दबून बसतात. जमिनीवरून मुंगूस आलं तर मात्र कलकलाट करतो, आणि त्या माना उंच करून बघतात. कोंबड्याच्या या दोन हाका खरोखरच वेगळ्या असतात आणि माद्यांना त्यांतला फरक कळतो.

बाकीचे पाच श्रावणाआधी विकले गेले. गटारीला गावठी पद्धतीने वाढलेल्या कोंबड्याला आमच्याकडे गिऱ्हाईक शोधावं लागत नाही. हाताने वाढवलेली जनावरं जाताना वाईट वाटलंच, पण तलंगांच्या पाठी बघून दुसरा मार्ग नव्हता. पिसं लगेच येत नाहीत, नवी कोवळी पिसं भरायला आठवडे लागतात. तेवढ्या काळात जास्त जखमी तलंगेला जाळीआड ठेवलं, जखमेवर हळद-खोबरेल लावलं. दुसऱ्या कोंबड्यांना रक्त दिसलं की त्याही टोचतात, म्हणून हे वेगळं ठेवणं फार महत्त्वाचं.

खाण्याचा एक प्रश्न होता. अंड्यावरच्या कोंबडीच्या खाद्यात चुना भरपूर असतो. तो नराला इतका नको, जास्त झाला तर मूत्रपिंडांना त्रास होतो. म्हणून सगळ्यांना साधं खाद्य, कणी आणि कोंडा देते, आणि तिसऱ्यांच्या (खाडीतल्या खायच्या शिंपल्यांच्या) कवच्या भाजून, कुटून वेगळ्या करवंटीत ठेवते. ज्यांना गरज आहे त्या माद्या तिथे जातात.

दिवाळीनंतर एक गावठी कोंबडी खुडूक झाली, म्हणजे अंडी उबवायला बसू लागली. वनराजच्या माद्या सहसा बसत नाहीत, त्यामुळे तिच्याखाली त्यांची अकरा अंडी ठेवली. सातव्या रात्री मोबाइलच्या विजेरीवर धरून बघितली. नऊ अंड्यांत लाल शिरांचं जाळं दिसलं, दोन कोरी होती ती काढली. एकविसाव्या दिवशी आठ पिल्लं बाहेर आली. पहिले काही दिवस कोंबडीला पिल्लांसकट डालग्याखाली ठेवलं, मग मोकळं सोडलं. तांबूस नर त्यांच्या वाटेला गेला नाही.

आता या आठांतल्या माद्या मोठ्या झाल्या की बापाशीच जोडी लागायला नको. त्यासाठी जाऊबाईंच्या कोंबड्याशी आमचा बदलून घ्यायचं ठरलंय. तो आला की आधी निदान दोन आठवडे लांब ठेवणार, कारण मानमोडीसारखा साथीचा रोग आला तर अख्खं खुराडं रिकामं होतं. माद्यांत सोडल्यावरही तीन आठवडे अंडी उबवायला ठेवणार नाही. आधीच्या नराचं बीज कोंबडीच्या पोटात दोन-तीन आठवडे टिकतं, आणि तेवढ्या काळातली पिल्लं जुन्याचीच निघू शकतात.