उलटतपासणीच्या आदल्या संध्याकाळी आलेली नोंद

हेगमधल्या एका आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात मी बचाव पक्षाच्या चमूत काम करत होते तेव्हाची ही गोष्ट. खटला कोणता आणि देश कोणता, ते लिहिणार नाही. ज्याच्याबद्दल सांगायचं आहे तो साक्षीदार संरक्षित आहे. न्यायालयातही त्याचा उल्लेख क्रमांकानेच व्हायचा, बाहेरच्या प्रक्षेपणात त्याचा चेहरा आणि आवाज बदललेला असायचा. आम्ही आत बसणारे मात्र त्याला समोर पाहत होतो.

आरोप असा होता की, एका सशस्त्र गटाने रात्री गावावर हल्ला केला, घरं जाळली, माणसं मारली आणि गटाचा म्होरक्या, म्हणजे आमचा अशील, त्या वेळी स्वतः तिथे हजर होता. हल्ला झाला हे आम्ही कधीच नाकारलं नव्हतं. वाद होता तो हजेरीचा. ‘मी त्याला डोळ्यांनी पाहिलं’ असं सांगणारा साक्षीदार एकच होता, आणि तो हा.

त्याची सरतपासणी, म्हणजे त्याला बोलावणाऱ्या अभियोग पक्षाने (आरोप ठेवणाऱ्या बाजूने) विचारायचे प्रश्न, संपली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी आमची उलटतपासणी सुरू व्हायची होती आणि संध्याकाळी अभियोग पक्षाकडून कागदपत्रांचा नवा गठ्ठा आला. नकाशे, रेडिओ संदेशांच्या नोंदी, आधीच मिळालेल्या जबाबांच्या, गोपनीय मजकूर झाकणाऱ्या काळ्या पट्ट्या जरा कमी मारलेल्या प्रती. एका रात्रीत सगळं वाचून होणं शक्यच नव्हतं. अशा वेळी मी कागद तारखेनुसार लावते आणि सर्वांत जुना आधी उघडते. माणूस पहिल्यांदा काय बोलला, ते मला नंतरच्या सहीच्या जबाबाइतकंच महत्त्वाचं वाटतं.

त्यात एका तपास अधिकाऱ्याने केलेली पहिल्या भेटीची नोंद होती. जेमतेम दीड पान. साक्षीदाराचं नाव काहीसं वेगळ्या पद्धतीने लिहिलेलं, पण गाव, वय आणि वडिलांचं नाव तेच. त्यात होतं, ‘रात्र होती. मी घरामागे लपलो होतो. म्होरक्या स्वतः आला आहे असं लोक म्हणत होते.’

सहीच्या जबाबात ‘लोक म्हणत होते’ हे कुठेच नव्हतं. तिथे होतं, ‘मी पाहिलं.’

मी आमच्या प्रमुख वकीलबाईंना फोन केला. त्यांनी नोंद दोनदा वाचायला लावली आणि मग प्रश्न सुरू केले. नोंद कुणी घेतली? त्या वेळी दुभाष्या होता का? ती साक्षीदाराला वाचून दाखवली होती का? ध्वनिमुद्रण आहे का? यातल्या एकाचंही उत्तर त्या कागदावर नव्हतं. आनंद वगैरे कुणालाच झाला नाही. उत्तरं नसलेला कागद घेऊन साक्षीदारासमोर उभं राहणं धोक्याचं असतं, आणि ज्याने त्या रात्री आपला भाऊ गमावला त्याच्याशी तसं वागणं मला अन्यायाचंही वाटतं.

अशी नोंद बचाव पक्षाला देणं हा अभियोग पक्षाचा मोठेपणा नव्हे, ते कायद्याने त्याच्यावर घातलेलं बंधन आहे. युगोस्लाव्हियातल्या युद्धगुन्ह्यांसाठीच्या न्यायाधिकरणात ते नियम ६८ मध्ये होतं, रोम संविधीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय ज्या करारावर उभं आहे त्यात, ते कलम ६७(२) मध्ये आहे. आरोपीला निर्दोष दाखवू शकेल, त्याचा दोष सौम्य करेल किंवा अभियोगाच्या पुराव्याच्या विश्वासार्हतेवर परिणाम करेल असं जे जे हाती असेल, ते शक्य तितक्या लवकर द्यायचं. रोम संविधीचं कलम ५४ तर अभियोक्त्याला दोन्ही बाजूंचा सारखाच तपास करायला सांगतं. याला कारण आहे. अभियोग पक्षाकडे तपास पथकं असतात, अनेक देशांचं सहकार्य असतं. आम्ही येतो तेव्हा पुष्कळ काळ लोटलेला असतो, माणसं विस्थापित झालेली असतात, आणि आरोपीच्या वतीने प्रश्न विचारणाऱ्याला गावात कुणी दार उघडत नाही. जो कागद फक्त त्यांच्याच कपाटात आहे, तो त्यांनीच दिला नाही तर आम्ही तो आणायचा कुठून?

न्यायाधीश हे किती गांभीर्याने घेऊ शकतात ते आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या पहिल्याच खटल्यात दिसलं. थॉमस लुबांगा याच्यावर काँगोमध्ये बालसैनिक भरती केल्याचा आरोप होता. आरोपीला उपयोगी पडू शकतील अशी दोनशेहून अधिक कागदपत्रं अभियोग पक्षाने गोपनीयतेच्या अटीवर मिळवली होती, बहुतेक संयुक्त राष्ट्रांकडून, आणि ती बचाव पक्षाला दाखवता येत नव्हती. जून २००८ मध्ये खंडपीठाने खटलाच स्थगित केला. कागदांचा प्रश्न सुटल्यावर सुनावणी जानेवारी २००९ मध्ये सुरू झाली आणि मार्च २०१२ मध्ये लुबांगा दोषी ठरला. ‘असले हक्क म्हणजे गुन्हेगारांना पळवाटा’ असं म्हणणाऱ्यांना मी हा खटला आवर्जून सांगते.

सकाळी आमच्या वकीलबाई उभ्या राहिल्या. साक्ष वगळा असं त्यांनी म्हटलं नाही. उलटतपासणी पुढे ढकलावी आणि या साक्षीदाराबद्दलचं सगळं पुन्हा शोधून द्यावं, एवढंच मागितलं. मला वाटलं, समोरून आता तांत्रिक हरकती येतील. पण अभियोग पक्षाचे वकील उठले आणि म्हणाले की, नाव वेगळं लिहिलं गेल्याने नोंद शोधात सापडली नव्हती, ती फार आधी द्यायला हवी होती आणि तहकुबीला त्यांचा विरोध नाही. विरोधी बाजूच्या वकिलाबद्दल मला इतका आदर क्वचितच वाटला आहे.

न्यायाधीश आत जाऊन परत आले. उलटतपासणी पुढच्या आठवड्यात होईल आणि तोवर अभियोग पक्षाने सर्व नोंदी तपासल्याचं लेखी कळवावं, असा आदेश झाला. साक्षीदाराला हे सांगण्यात आलं तेव्हा त्याने फक्त मान हलवली. घरापासून हजारो किलोमीटरवर, अनोळखी शहरात त्याला आणखी आठवडा काढायचा होता. हक्कांची किंमत असते आणि ती नेहमी बलदंड माणसालाच मोजावी लागते असं नाही. ही गोष्ट मला आजही बोचते.

मधल्या सुट्टीत आरोपीने दुभाष्यामार्फत मला विचारलं, ‘त्यांना हे सापडलंच नसतं तर?’ मी म्हटलं, तर आम्हालाही कळलं नसतं. दुसरं खरं उत्तर माझ्याकडे नव्हतं.

पुढच्या आठवड्यापर्यंत त्या भेटीबद्दलची दुसरी काही टिपणं सापडली. वकीलबाईंनी उलटतपासणी अतिशय शांतपणे घेतली. ‘तुम्ही खोटं बोललात’ असं एकदाही सुचवलं नाही. आधी पहिली नोंद वाचून दाखवली, मग विचारलं की घरामागून काय काय दिसत होतं. साक्षीदार थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, पहिल्यांदा आलेल्या माणसांवर त्याचा विश्वास नव्हता, म्हणून तो कमी बोलला. आगीच्या उजेडात गणवेशातला एक उंच माणूस त्याला पाठमोरा दिसला होता. हुकूम तोच देत होता. तो कोण हे शेजाऱ्यांनी सांगितलं, आणि तेव्हापासून त्याच्या मनात तोच चेहरा बसला.

म्हणजे जबाब खोटा नव्हता आणि पहिली नोंदही पुरती खरी नव्हती. खरं काय घडलं ते दोन्ही कागदांपेक्षा वेगळं निघालं, आणि ते त्यानेच सांगितलं, कारण कुणीतरी त्याला नेमकं विचारलं. ‘मी पाहिलं’ एवढ्यावरच साक्ष थांबली असती, तर आरोपीबरोबर त्याच्यावरही अन्याय झाला असता. पुढे कधी दुसरं कुणी ती पहिली नोंद उकरून काढली असती आणि त्याला लबाड ठरवून मोकळं झालं असतं.

निकालात न्यायाधीशांनी हल्ल्याबद्दलची त्याची साक्ष पूर्ण विश्वासार्ह मानली. जाळपोळ आणि भावाची हत्या, दोन्ही सिद्ध झालं. आरोपीच्या हजेरीसाठी मात्र त्यांनी ती साक्ष धरली नाही. त्या गावापुरता आमचा अशील सुटला. इतर आरोपांत, इतर पुराव्यावर तो दोषी ठरला.

तेव्हापासून प्रत्येक साक्षीदाराच्या बरंच आधी मी अभियोग पक्षाला एक पत्र पाठवते. या व्यक्तीच्या नावाची जेवढी रूपं संभवतात, ती सगळी त्यात लिहिते आणि प्रत्येक रूपाने शोध घ्यावा अशी विनंती करते. बहुतेकदा ‘आणखी काही नाही’ असं उत्तर येतं. काही वेळा सोबत एखादा कागदही येतो.